लाल दोऱ्याचा चिमटा

हुद्दा : परिचर, वर्ग चार, सर्पकक्ष. वय : छप्पन्न. उंची : पाच फूट चार इंच, बुटांसह. शिक्षण : लिहिता-वाचता येते (खात्री केलेली नाही). स्वभाव : आज्ञाधारक. शरीरावरील ओळखीची खूण : नाही. सेवाकाळात कामाच्या ठिकाणी झालेली इजा : गांधीलमाशी, एक वेळ. शेरा : सदर कर्मचाऱ्याविषयी या कार्यालयाचे मत वाईट नाही, तथापि प्रशासकीय निकड लक्षात घेता त्यांस शंख-शिंपले भांडारात वर्ग करण्यात येत आहे.

कागदाखाली विभागप्रमुख बाईंची सही आहे. सही देखणी आहे. विद्यार्थिनी असताना बाईंनी ती ज्या वहीच्या मागच्या पानांवर गिरवून गिरवून बसवली, ती वही याच परिचराची होती.

संग्रहालयात त्यांना सगळे मामा म्हणत. निसर्गविज्ञानाचं ते जुनं संग्रहालय. पुढच्या चार दालनांत पेंढा भरलेली हरणं, टाचणीला लावलेली फुलपाखरं आणि शाळेच्या सहलींचा गोंगाट. मागच्या अंगणात पत्र्याच्या छपराची एक लांबोडी खोली, तिच्यात काचेच्या बावीस पेट्या आणि बावीस जिवंत साप. मामा चोविसाव्या वर्षी तिथे झाडू मारायला लागले. वर्षभरात आधीचा रखवालदार अचानक देवभोळा झाला आणि नोकरी सोडून गेला, तेव्हा किल्ली मामांच्या हातात आली. सापांचं काम म्हटल्यावर नातलगांनी विचारलं, चावला तर काय? मामींनी एवढंच विचारलं, सुट्टी कुठल्या वारी?

मामी घरी शिवणकाम करायच्या. त्यांच्या स्वयंपाकघरातला तराजू पहिल्याच वर्षी सर्पकक्षात गेला आणि परत आला नाही. मामा त्यावर साप तोलायचे. वजन, तारीख, काय खाल्लं, काय नाकारलं, कात कधी टाकली, सगळं वहीत. कुणी सांगितलं नव्हतं. पुढे वह्यांची संख्या अकरा झाली. मामींचं म्हणणं असं की यांना आपल्या लग्नाची तारीख विचारली तर धामणीच्या कातीवरून मागे मोजत येतात.

बावीस पेट्यांत मामांचा जीव एका पेटीत अडकलेला होता. सातव्या. सातव्या पेटीत मांजऱ्या असे.

मांजऱ्या म्हणजे अंगाने सडपातळ, तपकिरी, पाठीवर नागमोडी नक्षी असलेला साप. मान बारीक आणि डोकं तिच्यापेक्षा पुष्कळ रुंद, जणू दुसऱ्याच कुणासाठी बनवलेलं. डोळे मोठे, बाहुली मांजरीसारखी उभी, नाव त्यावरूनच. दिवसभर सालीखाली किंवा भिंतीच्या फटीत वेटोळं करून पडायचं आणि अंधार झाला की पालींच्या मागे लागायचं, एवढाच त्याचा संसार. त्याला विष आहे, पण बेताचं. शिवाय ते पुढच्या दातांत नाही. वरच्या जबड्याच्या पार मागे, पन्हळ असलेल्या दोन दातांत आहे. त्यामुळे नागासारखं एका झटक्यात काम उरकणं याला जमत नाही. याला पकडून ठेवावं लागतं, चघळत राहावं लागतं, तेव्हा कुठे विष झिरपतं. पाल काही मिनिटांत ढिली पडते. माणूस सहसा पडत नाही. सुजतो, चिडतो आणि बरा होतो. जाणकार अशा सापाला निमविषारी म्हणतात.

त्याची आणखी एक खोड आहे. डिवचलं की तो अंगाच्या घड्या घालतो, शेपटी थरथरवतो आणि उसळ्या मारतो, थेट फुरशासारखा. फुरसं खरोखरच जहाल. बघणाऱ्याला वाटतं हे फुरसंच, आणि तो काठी शोधतो. मामा म्हणत, हा जीव वाचवायला नाटक करतो आणि नाटक फार चांगलं वठतं म्हणून मरतो.

संग्रहालयाच्या पाटीवर मात्र लिहिलेलं होतं : बिनविषारी. फार पूर्वी कुणा विद्वानाने याचा जबडा उघडून पुढे पाहिलं. पुढे विषदंत नव्हते. मागे बघायचं राहिलं. पाटी रंगवून झाली, आणि रंगवलेली पाटी या संस्थेत सापापेक्षा जास्त वर्षं जगते.

आता पुढे जाण्याआधी एक गोष्ट सांगितलेली बरी. या हकिकतीत सापाने कुणाचाही विश्वासघात केलेला नाही.

बाई पहिल्यांदा सर्पकक्षात आल्या तेव्हा बाई नव्हत्या, कॉलेजातली एक किडकिडीत मुलगी होत्या. प्रबंधासाठी साप बघायचे होते आणि सापाची भीती वाटत होती. मामांनी तिला पहिले पंधरा दिवस फक्त पेट्या पुसायला लावल्या. सोळाव्या दिवशी तिच्या हातावर धामण ठेवली. ती रडली, पण हात हलवला नाही. मामा घरी येऊन मामींना म्हणाले, पोरगी टिकणार.

टिकली. चार वर्षं रोज. दुपारी मामांच्या डब्यात तिचा वाटा असे. रविवारी घरी येऊन मामींच्या मशीनशेजारी बसून मामांच्या वह्या उतरवून घेई. प्रबंधाच्या सुरुवातीला आभारांचं एक पान होतं. त्यात अनेक मोठ्या लोकांनंतर शेवटी 'आणि मामा' असं लिहिलं होतं. मामींनी ते पान दोनदा वाचून विचारलं, कुणाचे मामा ते लिहायचं राहिलं का गं? मुलगी हसली. मामाही हसले. मामी हसल्या नव्हत्या, हे मामांना पुष्कळ वर्षांनी आठवलं.

चिमटा त्याच काळातला.

कात टाकण्याआधी सापाचे डोळे दुधाळ होतात. जुनी कातडी डोळ्यावरूनही सुटायची असते, त्यामुळे आठवडाभर त्याला नीट दिसत नाही आणि जे अंधुक दिसतं त्या सगळ्याला तो शत्रू समजतो. अशा सापाला हात लावायचा नाही, खायला द्यायचं नाही, पेटीसुद्धा सरकवायची नाही. मामांची रीत अशी : डोळा दुधाळ दिसला की त्या पेटीच्या जाळीला कपडे वाळत घालायचा लाकडी चिमटा लावायचा. चिमटा आहे तोवर ती पेटी कुणासाठीही उघडत नाही, मग खुद्द संचालक येवोत. पण मामी वाळवणाला चिमटे कमी पडले की सर्पकक्षातले परत मागवायच्या, आणि कुठले कुठले ते कळायचं नाही. तेव्हा त्या मुलीनेच एका रविवारी मामींचं लाल रीळ घेतलं आणि चार चिमट्यांवर दोरा घट्ट गुंडाळला. शेवटची गाठ तिला जमेना. मामींनी दातात दोरा धरून ती कशी मारायची ते दाखवलं. लाल दोऱ्याचे चार चिमटे सापांचे, बिनदोऱ्याचे मामींचे. वाटणी झाली.

मुलगी परदेशी गेली, शिकून आली आणि सर्पकक्षासह तीन विभागांची प्रमुख झाली. पहिल्या दिवशी मामांनी तिला चौघांसमोर 'अगं' म्हटलं. तिने समोरची फाइल उघडली. दुसऱ्या दिवशी मामा आपसूक 'बाई' म्हणाले, आणि महिन्याभरात 'मॅडम'वर आले. ती मात्र त्यांना मामाच म्हणत राहिली. त्याला काही खर्च नव्हता.

सहा वर्षांपूर्वी मांजऱ्या मामांना चावला. चूक मामांची होती. पालीचा वास असलेल्या हाताने त्यांनी पाण्याची वाटी बदलली. सापाने डाव्या अंगठ्याचं मूळ धरलं आणि पाल समजून चघळलं. मामांनी हात बादलीत बुडवला. पाण्यात मांजऱ्या पकड सोडतो, हे त्यांना ठाऊक होतं. संध्याकाळपर्यंत हात मनगटापर्यंत सुजला. वहीत त्यांनी लिहिलं : 'पकड दीड मिनिट. सूज मनगटापर्यंत. ठणका आहे. ताप नाही. तिसऱ्या दिवशी उतार. पाटी चुकीची आहे.'

मग ते सुजलेला हात घेऊन मॅडमकडे गेले. त्यांना वाटलं होतं, तिला आनंद होईल. शेवटी शोध होता तो.

मॅडमनी हात पाहिला, हळहळल्या, स्वतः मलम लावलं. नंतर अपघाताचा छापील अर्ज काढला. त्यात 'प्राणी : विषारी / बिनविषारी (नको ते खोडावे)' असे दोनच पर्याय होते. निम्मं विष असणाऱ्यांची सोय अर्ज छापणाऱ्याने केलेली नव्हती.

"विषारी ठेवलं तर खोलीला परवाना लागणार," मॅडम म्हणाल्या. "परवाना यायला दोन वर्षं. तोवर कुलूप. तुमचे बावीस कुठे नेऊन ठेवू, सांगा मामा."

मामांनी 'विषारी' खोडलं. इजेचं कारण म्हणून गांधीलमाशी मॅडमनी सुचवली. वर साध्या कागदावर आणखी एक निवेदन झालं : 'मी पंचवीस वर्षे हा साप हाताळत आहे. तो पूर्णपणे बिनविषारी असून त्यापासून कोणताही अपाय नाही, असे मी अनुभवाने सांगतो.' मजकूर मॅडमचा, अक्षर मामांचं.

"हे कशाला?" मामांनी विचारलं होतं.

"माझ्या खणात राहील. कुणी विचारलंच तर. तुमच्यापेक्षा माझीच काळजी आहे त्यात."

घरी मामींनी सूज बघून विचारलं, काय चावलं? मामा म्हणाले, गांधीलमाशी. मामी म्हणाल्या, बरं, मग ती गांधीलमाशी सातव्या पेटीतलीच ना?

पुढची सहा वर्षं काही घडलं नाही. पाटी तशीच राहिली. मामा मात्र सातवी पेटी कुणाला उघडू देत नसत.

यंदाच्या मोसमात सातव्या पेटीतल्या मादीचं पोट भरून आलं. तीन वर्षं मामा तिची जोडी जमवायच्या खटपटीत होते. दर खेपेला दोघं एकमेकांकडे पाठ करून पडत, आणि मामा घरी येऊन तक्रार करत की आजकालच्या सापांना संसार नको. या वेळी जमलं. पेटीत जन्मलेली मांजऱ्याची पिल्लं आजवर या संग्रहालयाने पाहिली नव्हती. निवृत्तीला दोन वर्षं होती. मामांना बढती नको होती, निरोपसमारंभ नको होता. अंडी फुटून पिल्लं बाहेर येईतो किल्ली आपल्या खिशात असावी, एवढंच हवं होतं. त्यांनी मडक्याचं बूड आणून त्यात शेवाळ भरलं. शेवाळ रोज ओलं ठेवायचं, भिजवायचं नाही. हात पिळून जेवढं ओलं राहतं तेवढं. घरी सगळं बोलणं तेवढंच. मामी म्हणाल्या, माझ्या बाळंतपणात एवढं लक्ष होतं का हो तुमचं? मामांनी प्रामाणिकपणे विचार करून सांगितलं, तेव्हा वही नव्हती.

अंडी घालण्याच्या आधी मादी एकदा कात टाकते. एका सकाळी तिचे डोळे दुधाळ झाले. मामांनी सातव्या पेटीला लाल दोऱ्याचा चिमटा लावला.

त्याच दिवशी तीस शिक्षक-शिक्षिका संग्रहालय पाहायला आले. अशा वेळी अंगणात एखादा साप हातात घेऊन दाखवण्याची पद्धत होती. तो मान धामणीचा. पण धामणीने आदल्याच दिवशी दोन उंदीर गिळले होते, आणि भरल्या पोटाच्या सापाला उचललं की तो सगळं पाहुण्यांसमोर बाहेर काढतो. मामांनी हे मॅडमना सांगितलं, आज साप नको, काती दाखवू म्हणाले. मॅडम बरं म्हणाल्या आणि मामांना पलीकडच्या इमारतीतून खुर्च्या आणायला पाठवलं.

मामा सहा-सहाची चवड घेऊन दुसऱ्या खेपेला परत आले तेव्हा अंगणात टाळ्या वाजत होत्या. मधोमध एक शिक्षिका उभी होती. तिच्या हातावर सातव्या पेटीतली मांजरीण होती. मांजरिणीने तिच्या अंगठ्याजवळचा मांसल भाग धरला होता आणि शांतपणे चघळत होती. मॅडम हसतमुखाने सांगत होत्या, घाबरू नका, हा बिनविषारी आहे, नुसतं ओळख करून घेतोय. शिक्षिकाही विश्वासाने हसत होती. एका सहकाऱ्याने फोटो काढला. त्या फोटोत दोघीही छान आल्या आहेत. सापाचे डोळे दुधाळ दिसतात.

मामांनी खुर्च्या टाकल्या, शिक्षिकेचा हात धरून सरळ पाण्याच्या बादलीत घातला. मांजरिणीने पकड सोडली. मामांनी ती पोटाला हात न लावता उचलली, आत नेली, पेटीत ठेवली. चिमटा जाळीवर नव्हता. खालीही पडलेला नव्हता.

शिक्षिकेचा हात कोपरापर्यंत सुजला, उलट्या झाल्या, तीन दिवस इस्पितळात काढावे लागले. प्रत्येकाची प्रकृती वेगळी. मामांना जे मनगटापर्यंत झालं ते तिला कोपरापर्यंत झालं. ती बरी झाली. दोन आठवडे तिच्या बोटांत खडू धरवेना. तिने इस्पितळातूनच डाव्या हाताने तक्रार लिहिली. तक्रार सरळ होती : मला बिनविषारी सांगून जो साप हातात दिला तो कोणता होता?

पाचव्या दिवशी चौकशी समिती बसली. अध्यक्ष आयुष्यभर शंख-शिंपल्यांवर काम केलेले गृहस्थ होते. सजीवांशी त्यांचा संबंध सजीव आतून निघून गेल्यावर यायचा.

आदल्या दिवशी मॅडम स्वतः सर्पकक्षात आल्या. पुष्कळ दिवसांनी त्या स्टुलावर बसल्या, पूर्वी बसायच्या तशा. म्हणाल्या, मामा, वही आणू नका हं उद्या; ती तुमच्याच अंगावर येईल. मी आहे ना. मामांना बरं वाटलं. घरी सांगितल्यावर मामींनी मशीन थांबवली.

"मी आहे ना, म्हणाली?"

"हो."

"मग वही घेऊनच जा."

मामांनी वही पिशवीत टाकली, पण काढायची नाही असं ठरवून.

समितीसमोर पहिला कागद आला तो सहा वर्षांपूर्वीचा, मामांच्या अक्षरातला. पूर्णपणे बिनविषारी, अनुभवाने सांगतो. अध्यक्षांनी तो मोठ्याने वाचला. मॅडम म्हणाल्या की प्रत्यक्ष हाताळणाऱ्या कर्मचाऱ्याच्या लेखी मतावर विसंबणं भाग होतं. आवाज नेहमीचा, जरा थकलेला. त्यांनी मामांकडे पाहिलं नाही. पण पाहणं टाळलंय असंही दिसलं नाही. त्या कलेत त्या तयार होत्या.

तेव्हा मामांनी वही काढली आणि सहा वर्षांपूर्वीचं पान वाचून दाखवलं. सूज मनगटापर्यंत. पाटी चुकीची आहे.

"म्हणजे तुम्हाला ठाऊक होतं," अध्यक्ष म्हणाले.

"होतं."

"आणि तरी हे लिहून दिलंत."

"मॅडमनी सांगितलं म्हणून."

मॅडम हळुवारपणे म्हणाल्या, मामांचा मला फार आदर आहे, पण अलीकडे त्यांच्या लक्षात राहत नाही. हे मात्र त्यांनी ज्या माणसाबद्दल सांगितलं, तो तेवीस वर्षांपूर्वी धामणीने कितवा उंदीर नाकारला हे वही न उघडता सांगत असे.

मामांनी चिमट्याचं सांगितलं. पेटीला चिमटा होता, चिमटा असताना पेटी उघडत नाहीत, हे मॅडमना माहीत आहे. अध्यक्षांनी फोटो पुढे केला. अंगणातून खोलीचं दार दिसत होतं, दारातून सातवी पेटी दिसत होती. जाळी स्वच्छ होती. चिमटा कुठेही नव्हता.

"मी असा चिमटा पाहिला नाही," मॅडम म्हणाल्या.

आणि एवढं बोलून त्यांनी पुढचा कागद काढण्यासाठी आपली फाइल सरकवली. फाइलीतले कागद सुटू नयेत म्हणून त्यांना एका कोपऱ्यात चिमटा लावलेला होता. लाकडी. त्यावर लाल दोरा होता.

यात कट वगैरे काही नव्हता. त्या दिवशी घाईत त्यांनी चिमटा काढून कोटाच्या खिशात टाकला असणार, खिशातून तो टेबलावर गेला असणार, आणि टेबलावर कागद उडत असताना हाताला लागेल ते माणूस लावतो. मामांच्या अक्षरातला कागद इतके दिवस मामांच्याच चिमट्यात होता. कुणाच्या लक्षात आलं नव्हतं, त्यांच्यासुद्धा.

मामा उभे राहिले.

"हाच तो," ते म्हणाले.

अध्यक्षांनी चिमट्याकडे पाहिलं, वाकून पाहिलं. मग म्हणाले, अहो, चिमटे सगळीकडे सारखेच असतात. आमच्या घरीही आहेत.

"दोरा आहे त्याच्यावर." मामा त्यांच्याशी बोलत होते, पण बघत होते दुसरीकडे. कितीतरी वर्षांनी त्यांच्या तोंडून जुनं संबोधन निघालं. "अगं, हा दोरा कुणी गुंडाळला? मामीने दातात धरून गाठ कुणाला शिकवली? एवढंच सांग. बाकीचं राहू दे."

खोलीत पंखा फिरत होता. मॅडमनी चिमटा हातात घेतला, उलटासुलटा केला. त्यांचं नख गाठीपाशी थांबलं. गाठ अजून घट्ट होती. त्यांच्या हनुवटीची एक शीर हलली, धामण पहिल्यांदा हातावर ठेवली तेव्हा हलली होती तशी. तेव्हा ती रडली होती आणि हात हलवला नव्हता. आता रडल्या नाहीत. हातही हलवला नाही.

"मला आठवत नाही," त्या म्हणाल्या.

मामा खाली बसले. यापुढे त्यांना जे जे विचारलं त्याला त्यांनी हो म्हटलं. खबरदारी घ्यायला हवी होती का? हो. पेटीपाशी हजर असायला हवं होतं का? हो. खुर्च्या आणायला गेलात, त्यात निष्काळजीपणा झाला असं वाटतं का? हो. शेवटी, आणखी काही सांगायचंय का, असं विचारलं.

"तेवढा चिमटा माझा आहे," मामा म्हणाले. "मिळाला तर बरं होईल. कात अजून पडायची आहे तिची."

इतिवृत्तात हे वाक्य असं उतरलं : 'कर्मचाऱ्याने एक (१) चिमटा परत मागितला. विनंती मान्य.'

समितीने निष्कर्ष काढला तो असा. सदर साप बिनविषारी असल्याने विषबाधेचा प्रश्न उद्भवत नाही. शिक्षिकेस झालेला त्रास तिच्या वैयक्तिक प्रकृतीमुळे होता. तथापि परिचराने पुरेशी खबरदारी घेतली नाही. म्हणजे ज्या सापापासून अपाय होतच नाही, त्याच्यापासून अपाय होऊ दिल्याबद्दल मामा दोषी ठरले. परवाना लागला नाही. खोली उघडी राहिली. सहा वर्षांपूर्वी मॅडमनी दिलेला शब्द या बाबतीत पाळला गेला, एवढं नाकारता येत नाही.

किल्ली द्यायची तेव्हा मांजरिणीने कात टाकलेली होती; अंडी आठ-दहा दिवसांवर होती. नवा माणूस कार्यालयातून आलेला, झाडांना पाणी घालण्याचा अनुभव असलेला. मामांनी त्याला शेवाळाचं मडकं दाखवलं, हात पिळून दाखवला. त्याने मान डोलावली. मॅडम दारात उभ्या होत्या, म्हणून मामांनी त्यांनाही सांगितलं : शेवाळ सुकू देऊ नका, मॅडम, बाकी ती तिचं बघेल.

"बघते मी," मॅडम म्हणाल्या.

घरी मामांनी सगळं सांगितलं, दोऱ्यापर्यंत. मामींनी ऐकून घेतलं. उठल्या, शिवणाच्या डब्यातून लाल रीळ काढलं. अर्धं उरलेलं होतं. त्या म्हणाल्या, बोलावलं असतं मला, तर मी सांगितलं असतं कोण होती ती. मामा म्हणाले, तिलाही माहीत होतं गं. मामींनी रीळ परत डब्यात टाकलं आणि त्या रविवारी सगळे कपडे चिमट्यांशिवाय वाळत घातले.

शंख-शिंपले भांडार तळघरात आहे. तिथे कपाटं आहेत, कपाटांत खण, खणांत कापसावर शिंपले. कात टाकत नाहीत, खात नाहीत, चावत नाहीत. मामांचं काम धूळ पुसणं आणि चिठ्ठ्या लिहिणं. कारण संस्थेच्या लक्षात आलं की त्यांचं अक्षर चांगलं आहे. साऱ्या संग्रहालयातले नवे नमुनेही चिठ्ठी लावण्यासाठी तिथेच येतात.

तिसऱ्या महिन्यात वरून एक बरणी आली. आत औषधी द्रावणात सात अंडी. लांबट, पिवळसर, आणि मधोमध चेपलेली, दोन दिवस उन्हात राहिलेल्या फळासारखी. अंडं आत मरून मग चेपत नाही. आधी सुकतं, मग मरतं. मामांनी एकेक अंडं बरणीच्या काचेतून पाहिलं. वाढ किती झाली होती ते कळायला एक फोडून बघावं लागलं असतं. तशी परवानगी नव्हती. सोबतच्या कागदावर मजकूर होता : 'मांजऱ्या (बिनविषारी), अंडी, सात. सर्पकक्षात प्रथमच प्राप्त. संकलन : विभागप्रमुख.' चिठ्ठीवर हुबेहूब तसंच उतरवायचं असा नियम आहे. मामांनी हुबेहूब उतरवलं, शाई वाळू दिली, चिठ्ठी चिकटवली, आणि बरणी पालींच्या बरणीशेजारी ठेवली.

घरी येऊन त्यांनी अकरावी वही काढली आणि लिहिलं : 'सात. शेवाळ सुकलं.' खाली रेघ मारली. बारावी वही आणलेली नाही.

वर्ग करण्याच्या आदेशाची एक प्रत मामांना मिळाली आहे. ती लाल दोऱ्याच्या चिमट्यात अडकवून स्वयंपाकघरात खिळ्याला टांगलेली असते, कारण तिच्या कोऱ्या पाठीवर मामी मापं लिहितात. तिच्यात म्हटल्याप्रमाणे मामांच्या शरीरावर ओळखीची खूण नाही. डाव्या अंगठ्याच्या मुळाशी दोन पांढरे ठिपके आहेत, एकमेकांपासून सहा मिलिमीटरवर.